सूचना : कलम 88 ची सुनावणी आणि आपली तयारी

सर्व ठेवीदार सभासदांना नमस्कार.

संचालक-अधिकाऱ्यांनी किती नुकसान भरून द्यायचे हे ठरवणाऱ्या या सुनावणीच्या तयारीसाठी रविवारी सकाळी 10 वाजता नेहमीच्या सभागृहात जमायचे आहे. पासबुक, ठेवपावती आणि भागदाखल्याची झेरॉक्स आणा. मूळ कागद कुणाच्याही हाती देऊ नका. मागच्या वेळी एका काकांची मूळ पावती गठ्ठ्यात गेली, ती तीन आठवड्यांनी सापडली!

कलम 83 ची चौकशी म्हणजे वसुली, असे ग्रुपवर पुन्हा पुन्हा येते आहे. तसे नाही. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 प्रमाणे 83 मध्ये कारभार तपासला जातो. कोणत्या संचालकाने वा अधिकाऱ्याने किती नुकसान भरून द्यायचे, हे 88 खाली ठरते. तिथे समोरच्यालाही म्हणणे मांडू द्यावे लागते, म्हणून तारखा पडतात. उदाहरणार्थ, महाराष्ट्र राज्य सहकारी बँकेचे संचालक मंडळ 2011 मध्ये बरखास्त झाले, पण कर्जप्रकरणांत गुन्हा नोंदवा असा मुंबई उच्च न्यायालयाचा आदेश आला ऑगस्ट 2019 मध्ये. तेव्हा पुढच्या महिन्यात पैसे, ही भाषा नको.

बँकेतील ठेव विम्याची मर्यादा मुद्दल-व्याज धरून एका बँकेत माणशी 5 लाख आहे. एकाच नावावर त्याच बँकेच्या दोन शाखांत ठेवी असतील तर त्या एकत्रच मोजतात.

लेखापरीक्षण अहवालाची पाने, विशेषतः कर्जदारांच्या नावांचे पान, कृपया पुढे पाठवू नका. बदनामीचा दावा आपल्यावरच उलटेल. वकीलसाहेब साडेदहाला येतील, प्रश्न लिहूनच आणा.

– निमंत्रक, ठेवीदार कृती समिती