मार्तीचे आईबाबा

प्रिय सई,

स्पॅनिशच्या क्लासमध्ये होसे मार्तीवर, स्पेनच्या ताब्यातल्या क्युबाच्या स्वातंत्र्यासाठी लढलेल्या कवीवर, बोलणार आहेस म्हणालीस, मस्त विषय घेतलास. पण फोन ठेवता ठेवता म्हणालीस की त्याचे आईबाबा त्याच्या आड येणारेच होते, बाप तर स्पेनचाच शिपाई. तू घाईत होतीस म्हणून तेव्हा बोलले नाही, पण ते "आड येणारे" काही मला पटलं नाही गं, म्हणून हे सविस्तर लिहितेय.

बाप मारियानो मार्ती मूळचा व्हॅलेन्सियाचा, तोफखान्यात सार्जंट, नंतर पोलिसात. आई लेओनोर पेरेस कॅनरी बेटांतल्या तेनेरिफेची. म्हणजे दोघंही क्युबाचे नाहीतच, दोघांचं पोट स्पेनच्या सरकारी पगारावर, तोही आज आहे उद्या नाही असा. होसे सगळ्यात मोठा, जन्म 28 जानेवारी 1853, हवानातल्या पाउला रस्त्यावरच्या छोट्याशा घरात, आणि त्याच्या पाठीवर सात बहिणी, त्यातल्या दोघी लहानपणीच गेल्या. एवढ्या पोरी, पैशांची ओढाताण आणि घरात एकच मुलगा, मग बापाला वाटणारच ना की याने लवकर कमवायला लागावं.

1862 मध्ये बापाची नेमणूक आनाबाना म्हणून एका खेड्याकडच्या भागात झाली तेव्हा नऊ वर्षांच्या होसेला त्याने सोबत नेलं. तिथून त्याने आईला लिहिलेलं पत्र आजही आहे, त्याचं सगळ्यात जुनं पत्र तेच. त्यात काय तर घोडा! त्याला खाऊपिऊ घालून कसा लठ्ठ करतोय, लगाम लावून ऐटीत चालायला कसं शिकवतोय, आणि कोणीतरी भेट दिलेला कोंबडा. मला हे पत्र फार आवडतं. पण त्याच भागात त्याने गुलामांचे हाल पाहिले, झाडाला लटकवलेला एक गुलाम पाहिला, आणि तेव्हाच मनात शपथ घेतली असं त्याने पुढे कवितेत लिहिलंय. बघ ना, बाप मदतीला म्हणून घेऊन गेला आणि पोराचं सगळं आयुष्यच तिथे ठरलं.

मग हवानाची शाळा आणि मेंदिवे सर. राफाएल मारिया दे मेंदिवे, स्वतः कवी, क्युबाच्या स्वातंत्र्याच्या बाजूचे. त्यांनी मारियानोला राजी केलं आणि होसेच्या पुढच्या शिक्षणाचा खर्च स्वतः उचलला. ऑक्टोबर 1868 मध्ये स्पेनविरुद्ध युद्ध सुरू झालं आणि 22 जानेवारी 1869 च्या रात्री हवानातल्या व्हियानुएव्हा थिएटरवर स्पेनच्या बाजूच्या स्वयंसेवकांनी गोळीबार केला, रस्त्यांवर गोळ्या सुटत होत्या, होसे मेंदिवे सरांच्या घरी, आणि लेओनोर त्या गोळ्यांतून चालत त्याला शोधायला आली. दार ठोठावणारी बाई माझी आई, हेही त्याच्या कवितेत आहे. आणि दुसऱ्याच दिवशी त्याच्या छोट्या पेपरात त्याचं "अब्दाला" हे पद्यनाटक छापून आलं, त्यात काय, तर लढाईला निघालेला मुलगा आणि त्याला अडवणारी आई! सोळा पूर्ण व्हायला पाच दिवस होते त्याला. मला तर लेओनोरने ते वाचलं तेव्हा तिला काय वाटलं असेल हेच सुचत राहतं.

बापाशी मात्र खटके उडायचे, हे खरंय, ते मी लपवत नाही. मेंदिवे सरांना हद्दपार केल्यावर होसेने त्यांना लिहिलं की वडिलांच्या वागण्याने मी इतका दुखावलोय की तुम्ही परत भेटाल या आशेवरच जिवंत आहे. तेवढंच वाचलं तर तुझंच बरोबर वाटेल. पण पुढचंही वाच. ऑक्टोबर 1869 मध्ये त्याला अटक झाली, एका वर्गमित्राला तू देशाशी फितूर झालास असं लिहिलेल्या पत्रावरून, आणि मार्च 1870 मध्ये सहा वर्षं सक्तमजुरी. सतरा वर्षांचा पोरगा, कैदी नंबर 113, कमरेपासून पायापर्यंत बेडी, सान लासारोच्या चुन्याच्या खाणीत दगड फोडायला. मारियानो भेटायला गेला, आईने शिवून दिलेल्या छोट्या गाद्या बेडीखाली बांधायला. बांधता बांधता त्याला पायाची जखम दिसली, पू आणि रक्त आणि चिखल, आणि तो सार्जंट माणूस तो पाय कवटाळून रडायला लागला, पहारेकऱ्याने होसेला मारत कामावर नेलं तरी तो तिथेच गुडघ्यावर. हे मार्तीनेच पुढच्या वर्षी स्पेनमध्ये छापलेल्या पुस्तिकेत लिहिलंय. आणि नुसता रडला नाही, खाणीचा ठेकेदार सार्दा याच्याकडे खटपट केली, आईने वर अर्ज केला, आणि पोरगा खाणीतून सुटून पिनोस बेटावर त्या सार्दाच्याच शेतावर गेला, नंतर जानेवारी 1871 मध्ये स्पेनला हद्दपार. आता सांग, हे आड येणं?

मारियानो 1887 मध्ये गेला तेव्हा होसे न्यूयॉर्कला होता. त्याने फेर्मिन वाल्देस दोमिंगेसला, शाळेपासूनच्या जिवलग मित्राला, लिहिलं की वडील गेले आणि त्यांच्याबरोबर माझाही मोठा भाग गेला, वरून साध्या दिसणाऱ्या त्या माणसाचा आत्मा किती सुंदर आणि ताठ होता हे कळल्यावर मी त्यांच्यावर किती प्रेम करायला लागलो तुला कल्पना नाही. बापाला पोराने दिलेलं सर्टिफिकेट आहे हे, तेही स्वतःहून. लेओनोर मात्र शेवटपर्यंत रागावलेलीच होती, मार्च 1895 मध्ये युद्धाला निघताना त्याने तिला लिहिलं की तुम्ही प्रेमाच्या रागात माझ्या त्यागाचं दुःख करता, पण त्यागाची आवड असलेला मी तुमच्याच पोटी का जन्मलो? तिला "उस्तेद" म्हणजे तुम्ही म्हणतो तो, हे तुझ्या क्लासला नक्की सांग. 19 मे ला क्युबातल्या दोस रियोसच्या लढाईत तो पडला, आई त्याच्यानंतर बारा वर्षं जगली.

पाच मिनिटांत हे सगळं मावणार नाही, पण कवितांपैकी एक कमी कर आणि खाणीतला तो प्रसंग घे, मारियानोचं नाव घेऊन. आणि रविवारी फोन कर, तुझा मसुदा मला वाचून दाखव.

तुझी,
आई