थेल्मा रिटरला कात्री कशासाठी?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

कालच्या पुरवणीतील, हिचकॉकच्या ‘रिअर विंडो’ या चित्रपटावरील लेख वाचला. लेखकमहाशयांचा व्यासंग दांडगा असेलच. तथापि त्यातील अभिनेत्री थेल्मा रिटरची बोळवण त्यांनी ‘नायकाची मोलकरीण’ एवढ्यावर, तीही नाव न घेता करावी, याचे सखेद आश्चर्य वाटले. त्यांनी साकारलेली स्टेला ही मोलकरीण नसून विमा कंपनीने पाठवलेली परिचारिका आहे. नायक न्याहारीला बसलेला असताना, समोरच्या घरातील माणसाने बायकोचे तुकडे बाथटबमध्येच केले असणार, कारण रक्त धुऊन काढायला तेवढीच जागा, हे ती भाजीचा भाव सांगावा तशा सुरात सांगते आणि त्या बिचाऱ्याची अन्नावरची वासना उडते. लेखात हा प्रसंग चवीने वर्णिला आहे, श्रेय मात्र सगळे नायक झालेल्या जेम्स स्टुअर्टच्या चेहऱ्याला!

वयाच्या पंचेचाळिशीत, १९४७ साली, श्रेयनामावलीत नावही नसलेल्या भूमिकेतून पडद्यावर आलेल्या या बाईंना पुढे सहा वेळा सहायक अभिनेत्रीचे ऑस्कर नामांकन मिळाले आणि पुरस्कार एकदाही मिळाला नाही. ‘पिकअप ऑन साउथ स्ट्रीट’ या चित्रपटात त्यांनी साकारलेली मो नेकटाय विकते, पोलिसांना खिसेकापूंची नावेही विकते आणि बेवारशांच्या दफनभूमीत जावे लागू नये म्हणून स्वतःच्या थडग्यासाठी पैसे साठवते, पण मारेकरी समोर उभा ठाकल्यावर एका खिसेकापूचा पत्ता ती विकत नाही. आमच्या गावच्या एका फिल्म सोसायटीत हा चित्रपट दाखवला, तेव्हा मी मोविषयी दोन वाक्ये बोलतो न बोलतो तोच, ‘दुय्यम पात्रांवर पुन्हा कधीतरी बोलू,’ असे म्हणून सूत्रसंचालकांनी माझ्या हातातून माइक काढून घेतला आणि उरलेली चर्चा नायक रिचर्ड विडमार्कच्या हॅटवर रंगली. ते ‘पुन्हा कधीतरी’ अजून उजाडायचे आहे.

आपल्या पुरवणीने तर त्यावरही ताण केली. लेखासोबतच्या छायाचित्रात स्टुअर्ट आणि नायिका ग्रेस केली पूर्ण दिसतात. शेजारी उभ्या असलेल्या रिटरबाईंचा मात्र कोपरच तेवढा कात्रीतून वाचला आहे. मूळ छायाचित्र पुढील अंकात नावानिशी संपूर्ण छापावे, ही विनंती. जागेची अडचण असल्यास साप्ताहिक राशिभविष्य एकदा गाळावे. तसेही काल मेष आणि वृश्चिक या दोन्ही राशींना आपण शब्दशः एकच भविष्य दिले आहे.

आपला,
एक जुना वाचक, सांगली