सांगलीजवळच्या हरिपूरच्या मामांना, पेव उघडून दाखवल्याबद्दल

मामा, नमस्कार. तुमची नात हे तुम्हाला मोबाईलवर वाचून दाखवेल. नाव घालत नाहीये, पण हरिपुरातले ओळखतीलच.

पहिल्या दिवशी मी पेवांवर, म्हणजे हळद साठवायच्या जमिनीखालच्या कोठारांवर, डॉक्युमेंट्री करायला भाड्याचा कॅमेरा घेऊन आलो, दिवसावर भाडं म्हणून नुसती घाई, आणि तुम्ही म्हणालात "ते ठेव की खाली, च्या घे आधी". तीन दिवस कॅमेरा बॅगेतच राहिला. मला जाम टेन्शन. पण 2005 च्या पुरात पेवांत पाणी शिरून हळद कुजली हे मला सगळ्यांनी सांगितलं होतं, पुढं माल कोल्ड स्टोरेजला गेला आणि पेवात उतरणाऱ्या हमालांचं काम गेलं, हे तुम्हीच सांगितलंत, तेही चहा पिताना, कॅमेऱ्यापुढं बसवलं असतं तर बोलला नसता.

आणि तो पेवाचा दिवस! तोंडावरची माती काढली आणि मी लगेच खाली वाकलो तर तुम्ही दंडाला धरून मागं ओढलंत. आत कोंडलेली हवा असते, उतरला की माणूस जातो. दोन-तीन तास उघडं ठेवलंत, मग दोरीला कंदील बांधून खाली सोडलात, विझला नाही तेव्हा कुठं उतरू दिलंत. वरून तोंड एवढंसं आणि खाली खोलीएवढी जागा, माझे हात, लेन्सचं कापड, सगळं पिवळं. मी म्हणालो मामा एक मिनिट गप्प बसा, मला नुसता इथला आवाज घ्यायचाय. तुम्ही श्वाससुद्धा धरून ठेवलात. डॉक्युमेंट्रीतला माझा सगळ्यात आवडता मिनिट तोच आहे, कुणी काही बोलत नाही.

पुण्यात एकजण पैसे द्यायला तयार होते, पण त्यांना वरून भारदस्त आवाजातली कॉमेंट्री आणि रडकं म्युझिक पाहिजे होतं. नाही म्हणालो. तुमचं तुम्ही इतकं नीट सांगताय, त्यावर दुसऱ्या कुणाचा आवाज मी कशाला चढवू?

फिल्म पहिल्यांदा तुमच्याच अंगणात लावली, भिंतीला चादर बांधून. मामी म्हणाल्या कंदील धरलेला हात दिसला पण तोंड अंधारात गेलं. खरंय, तो शॉट चुकलाय, पुढच्या वेळी लाईट आणतो.

लई उपकार झाले मामा. रविवारी पेन ड्राईव्ह घेऊन येतो, तुमच्या पोराच्या टीव्हीला चालतोय का बघू.