पहिल्या तीन दिवसांची संध्याकाळ

कोल्हापूर,
२१ जून

प्रिय योहान,

सप्रेम सलाम.

नाताळात आलेल्या तुझ्या पत्राला जून संपत आला तरी उत्तर दिले नाही, याची मला लाज वाटते. माझी साखर आटोक्यात आहे, हिचा गुडघा पूर्वीसारखाच कुरकुरतो. प्रकृतीचे एवढे पुरे. माझ्याकडचा शब्बाथशाळेचा वर्ग काढून घेण्यात आला आहे, आणि तो ज्या कारणाने गेला ते ऐकून आधी पोट धरून हसण्याचा आणि मग गंभीर होण्याचा अधिकार फक्त तुझा आहे, म्हणून आज लिहायला बसलो.

झाले असे. मुलांसाठी मी फळ्यावर बायबलच्या पहिल्या पुस्तकातले, उत्पत्तीचे, जगाच्या निर्मितीचे सात दिवस लिहीत होतो. चौथ्या दिवसापुढे सूर्य, चंद्र, तारे असे लिहून खडू खाली ठेवतो तोच दहा वर्षांची एक मुलगी उभी राहिली आणि म्हणाली, "सर, सूर्य चौथ्या दिवशी झाला, तर आधीच्या तीन दिवसांची संध्याकाळ कशी झाली?" मला केवढा आनंद झाला! मी चाळीस वर्षे तुला हाच प्रश्न विचारत आलो आहे. मी ऐटीत सांगितले की हे वर्णन अलंकारिक आहे, ते घड्याळ लावून वाचायचे नसते. तिने क्षणभर विचार केला आणि विचारले, "मग आदामही अलंकारिक का? आणि येशू तिसऱ्या दिवशी उठला, तेही?" तेवढ्यात घंटा झाली. घंटा झाली नसती तरी माझ्याजवळ उत्तर नव्हते.

पुढच्या रविवारी तिच्या वडिलांनी चर्चच्या वडीलमंडळाकडे तक्रार केली आणि पाळकसाहेबांनी मला अतिशय गोड शब्दांत काही महिने विश्रांती घेण्यास सुचवले. त्यांच्यावर माझा राग नाही. राग आहे तो तुझ्यावर, कारण त्या मुलीचा दुसरा प्रश्न मुळात तुझाच आहे. १९८३ च्या मे महिन्यात पन्हाळ्याला पुसाटी बुरुजावर बसून मी तुला पायाखालचा जांभा आणि त्याखालचा काळा बेसॉल्ट दाखवत होतो, हा लाव्हा साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा आहे असे भूगोलाच्या मास्तराच्या थाटात सांगत होतो, आणि तू शेंगा सोलत शांतपणे म्हणालास, "शमू, तू अलंकार कुठे सुरू होतो ते सांगतोस, कुठे संपतो ते सांग." मी हसण्यावारी नेले. देवाने दगड मुळातच जुना घडवला असेल, असेही तू वर म्हणालास, तेव्हा आदामाला बेंबी होती का, असे मी विचारले आणि तू परतीच्या एसटीत माझ्याशी बोलला नाहीस. (फिलिप गॉस नावाच्या इंग्रज निसर्गअभ्यासकाने १८५७ मध्ये नेमक्या या बेंबीवर अख्खे पुस्तक लिहून तुझीच बाजू मांडली होती, हे मला फार उशिरा कळले. त्यालाही लोक हसलेच.)

गेले तीन आठवडे रिकाम्या रविवारी मी माझी हुकमाची पाने पुन्हा काढून पाहतो आहे. सूर्याविना पहिला, दुसरा, तिसरा दिवस झाला असे कोणता शहाणा मानेल, हे तिसऱ्या शतकात ओरिजेन या ख्रिस्ती धर्मपंडिताने विचारलेच होते. अकराव्या शतकात फ्रान्समधील राशी या यहुदी भाष्यकाराने सांगितले होते की या वचनांचा हेतू निर्मितीचा क्रम शिकवणे हा नाही, कारण पाणी केव्हा उत्पन्न झाले हे सांगण्याआधीच त्यावर देवाचा आत्मा वावरतो. मात्र ऑगस्टीन या जुन्या ख्रिस्ती धर्मगुरूपाशी मी अडखळलो. उत्पत्तीच्या शब्दशः अर्थावर म्हणून त्याने मोठा ग्रंथ लिहिला, आणि त्यात सर्व काही एकाच क्षणी निर्माण झाले असे म्हटले! म्हणजे 'शब्दशः' या ज्या शब्दावरून आपण भांडलो, तो शब्दही दोघांनी नीट वाचला नव्हता.

मला आता वाटते की 'अलंकारिक' म्हणून मी वाचणेच थांबवले होते, आणि शब्दाला चिकटून राहिल्यामुळे तू निदान वाचत तरी होतास. फळ्यावर सहा दिवस दोन रांगांत लिहिले असते, तर त्या मुलीलाही दिसले असते की पहिल्या दिवशी उजेड आणि चौथ्या दिवशी उजेडाच्या ज्योती, दुसऱ्या दिवशी आकाश व पाणी आणि पाचव्या दिवशी पक्षी व मासे, तिसऱ्या दिवशी जमीन आणि सहाव्या दिवशी तिच्यावरचे पशू व माणूस, अशी आधी घरे आणि मग रहिवासी ही मांडणी आहे. दुसऱ्या अध्यायात तर माणूस आधी, मग झाडे, मग पशू आणि शेवटी स्त्री, असा वेगळाच क्रम आहे. तेथे अदामा म्हणजे माती आणि तिच्यापासून झालेला तो आदाम, हा हिब्रूतला खेळ आपल्या मराठीत पार हरवतो. लिहिणाऱ्याला हे दोन क्रम दिसत नव्हते असे समजणे म्हणजे त्याला आपल्यापेक्षा मठ्ठ समजणे होय.

पण हे झाले पहिल्या प्रश्नाचे उत्तर. दुसऱ्यापाशी गाडी रुतते. पोवाडा कोणी सातबाऱ्यासारखा वाचत नाही, आणि रोमी सुभेदार पिलाताचे नाव घेऊन सांगितलेली वधस्तंभाची हकिकत ही सातबाऱ्याच्या जातीची आहे, असे मी तिला सांगू शकेन. मग तू प्रेषित पौलाचे पत्र काढशील, हे मला ठाऊक आहे. आदामामध्ये सर्व मरतात तसे ख्रिस्तामध्ये सर्व जिवंत केले जातील, असे तो लिहितो, आणि ख्रिस्त उठला नसेल तर आपला विश्वास व्यर्थ, हेही त्याच अध्यायात. एकाच वाक्यात दोघांना बांधून ठेवले आहे. एकाला पोवाड्यात आणि दुसऱ्याला सातबाऱ्यात कसे घालू? येथे माझी झोप जाते. तुझ्या बाजूला येण्याची माझी तयारी नाही, पन्हाळ्याचा दगड मला खोटा म्हणवत नाही. पण तुझ्या प्रश्नाला हसलो, ते चुकलेच.

काल ती मुलगी भाजी मंडईत आईबरोबर भेटली. आईने तोंड फिरवले. मुलगी मात्र मेथीची जुडी हातात धरून हळूच म्हणाली, "सर, सातव्या दिवशी संध्याकाळ झालीच नाही." घरी येऊन पाहिले. खरेच, सहाही दिवसांना संध्याकाळ आणि सकाळ आहे, सातव्याला नाही. इतकी वर्षे तो अध्याय मला तोंडपाठ आहे.

तुमच्या अलिबागकडचे बेने इस्राएल, म्हणजे तिथले यहुदी, शनिवारी शब्बाथ पाळून तेलाचा घाणा बंद ठेवीत, म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणत. तो दिवस किती तासांचा होता यावर त्यांच्यात कधी वाद झाला होता का, हे तुझ्या शेजाऱ्यांना विचारून कळव.

तुझे मोतीबिंदूचे काम झाले का? नातवाच्या बाप्तिस्म्याला येता आले नाही, वहिनींना माझ्या वतीने समजाव. आणि आजोबांचे ते इंग्रजी बायबल अजून तुझ्याकडे असेल, तर पहिल्या पानाचा फोटो पाठव. समासात आर्चबिशप अशरने १६५० मध्ये काढलेले जगाच्या निर्मितीचे ते साल आहे ना, ख्रिस्तपूर्व ४००४, ज्यावर बोट ठेवून तू मला गप्प करायचास? त्या मुलीला दाखवायचे आहे. ती काय विचारते ते तुला लिहीन.

तुझा,
शमू