तिला सांगताना

प्रिय मित्रा,

तुझं पत्र कालच मिळालं. तुझ्या मैत्रिणीवर तुझं प्रेम आहे, ते तिला सांगू की नको, असं विचारलं आहेस. सांग. ती होकार देईल म्हणून नव्हे. आलेल्या प्रत्येक स्थळाबद्दल ती तुझं मत विचारते आणि तू प्रत्येकात काहीतरी खोट काढतोस. हे मत त्रयस्थ मित्राचं आहे असं धरून ती निर्णय घेते आहे. तुझ्या दुःखापेक्षा मला हे जास्त खुपतं.

१९९३ मध्ये अमेरिकेतले मानसशास्त्रज्ञ रॉय बाउमायस्टर आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा एकतर्फी प्रेमावरचा अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यांनी दोन्ही बाजूंच्या लोकांकडून हकिगती लिहून घेतल्या होत्या. नकार देणाऱ्यांनाही अपराधी वाटत होतं आणि काय बोलावं ते सुचत नव्हतं. असा माणूस गुळमुळीत बोलतो आणि ऐकणारा त्यातून आशा काढतो. म्हणून नाही म्हणायची वाट तूच तिला आधी मोकळी करून दे.

समोरासमोर बोल, दिवसा, आणि तिला मनात आलं की उठून जाता येईल अशा जागी. सिंहगडावर नेऊ नकोस. परत येताना तुझ्याच गाडीवर मागे बसावं लागेल. तिचा वाढदिवस, घरातलं आजारपण, ऑफिसातली धावपळ टाळ. फुलं किंवा भेटवस्तू नको, ती हातात आली की नकार जड होतो. मधे कुणा मैत्रिणीला घालून अंदाज घेऊ नकोस, तुझ्याआधी ती बातमी कट्ट्यावर पोचेल. रात्री व्हॉट्सअ‍ॅपवर तर मुळीच नको. दोन निळ्या खुणांकडे बघत तू जागा राहशील आणि पहाटे सारवासारवीचे मेसेज पाठवशील.

बोलणं पाच मिनिटांत संपव. "मला तू मैत्रिणीपेक्षा जास्त आवडतेस. तुला तसं वाटत नसेल तर सरळ नाही म्हण, मी कारण विचारणार नाही. स्थळांबद्दल माझं मत मात्र आता धरू नकोस." एवढं पुरे. "तुझ्याशिवाय जगू शकत नाही" हे चुकूनही नको. त्याने तुझ्या जिवाची जबाबदारी तिच्यावर पडते. आजवर तिच्यासाठी काय काय केलंस तेही काढू नकोस.

"मी तसा कधी विचारच केला नाही", "आपली मैत्री बिघडायला नको", "आत्ता नको" हे सगळे नकारच समज. "विचार करून सांगते" म्हणाली तर तिला हवा तेवढा वेळ दे, पण आठवण करून देऊ नकोस. पुढे विषय तिने काढला तरच काढायचा.

नकार आला की बहुतेक जण लगेच "काही हरकत नाही, आपण आहोत तसेच राहू" म्हणतात आणि आत आशा जपत बसतात. म्हणजे पुन्हा लपवाछपवी सुरू. त्यापेक्षा "मला दोन महिने जरा लांब राहू दे, रागावलो नाहीये" असं स्पष्ट सांग. न सांगता गायब झालास तर ती स्वतःला दोष देईल. तेवढे दिवस तिचं स्टेटस म्यूट कर, जुने मेसेज चाळू नकोस. ग्रुप सोडू नकोस आणि मित्रांना बाजू घ्यायला लावू नकोस. दोन महिन्यांनी तिच्या लग्नाचा विषय निघाला आणि तुला शांतपणे ऐकता आलं, तर भेटीगाठी पुन्हा सुरू कर. नाहीतर आणखी थांब, आणि तेही तिला सांग.

बोलायचा दिवस ठरला की आदल्या रात्री मला फोन कर. ती वाक्यं एकदा मोठ्याने म्हणून दाखव. आणि दुसऱ्या दिवशी संध्याकाळी, उत्तर काहीही असो, घरी जेवायलाच ये.

तुझाच,
मित्र