माडीवर वाळू-सिमेंटचा मसाला चढवायच्या आधी हे वाच

प्रिय संज्या,

काल रात्री तुझा फोटो बघितला, वाईच्या वाड्याच्या दारात वाळूचा ढीग, बाजूला सिमेंटची पोती, आणि खाली तू लिहिलंयस की सोमवारपासून माडीवर टाइल्सचं काम सुरू. तेव्हापासून झोप नाही. इथे न्यू जर्सीत आत्ता पहाटेचे पाच वाजलेत, घरातले सगळे झोपलेत आणि मी किचनमध्ये बसून लिहितेय, फोनवर हे नीट सांगता येणार नाही म्हणून. लांबेल, पण सगळं वाच, आणि तोपर्यंत वाळू खालीच राहू दे, एक घमेलंसुद्धा वर जाऊ देऊ नकोस.

तुला आठवतं का, आम्ही तुमच्या वाड्यात भाड्याने राहायचो तेव्हा ओटीवर जेवायला बसलं की वर आजोबा चालायला लागायचे आणि कडीपाटाच्या, म्हणजे लाकडी कड्या-फळ्यांच्या छताच्या फटींतून वरच्या मातीच्या थरातली बारीक माती ताटात पडायची, मग तुझी आई, म्हणजे काकू, वर बघून हाक मारायची आणि आजोबा जागच्या जागी थांबायचे. ती माती का पडायची याचा मी तेव्हा कधी विचार केला नाही, पण इथे किचनच्या टाइल्स फुटल्यावर पहिल्यांदा तेच आठवलं. माणूस चालला की ती जमीन हलायची. थोडीशीच, डोळ्याला न दिसण्याइतकी, पण हलायची. आणि तू आता नेमकी त्याच जमिनीवर टाइल घालायला निघालायस.

माझ्या किचनचं तुला कधी सविस्तर सांगितलं नव्हतं. आमचं घर १९६२ चं, इथल्या बहुतेक घरांसारखं लाकडी सांगाड्याचं. तळघरात उभं राहून वर बघितलं की आपल्या कड्यांसारखी आडवी टाकलेली लाकडं दिसतात, त्याला जोइस्ट म्हणतात, २ बाय ८ इंचांची असं नाव, पण मोजली तर त्याहून थोडी कमीच भरतात, दर १६ इंचांवर एक. त्यावर प्लायवूड, त्यावर अजून एक पातळ प्लाय, त्यावर जुनं व्हिनाइल, म्हणजे प्लास्टिकचं फ्लोअरिंग. पहिल्यांदा आम्ही ज्याला काम दिलं त्याने यातलं काहीच काढलं नाही, व्हिनाइलवर अजून एक पातळ प्लाय ठोकला आणि त्यावर टाइल्स चिकटवून तीन दिवसांत मोकळा झाला. दिवाळीला सगळ्यांनी कौतुक केलं. जानेवारीत शेगडीपासून सिंकपर्यंत एका सरळ रेषेत ग्राउट, म्हणजे टाइल्सच्या फटींत भरलेलं सिमेंट, भुगा होऊन निघायला लागलं, आणि मार्चपर्यंत त्याच रेषेवरच्या तीन टाइल्स तडकल्या. मी आधी टाइलला दोष दिला, दुकानात जाऊन भांडून पण आले. मग एक टाइल स्वतः उचकटली तर ती अख्खीच्या अख्खी हातात आली, मागच्या बाजूला चिकटवायचा मसाला जेमतेम चार ठिकाणी लागलेला, आणि तडा जिथे होता तिथेच बरोबर खाली प्लायच्या दोन शीट्सचा जोड. मी तिथेच जमिनीवर बसून रडले होते, खरं सांगते. एवढे पैसे, आणि पोरं लहान.

नंतर मी या विषयाच्या मागेच लागले. लाकूड दोन प्रकारे हलतं. एक म्हणजे वजनाने वाकतं. इथे नियम असा आहे की सिरॅमिक टाइल घालायची असेल तर जोइस्ट जेवढा लांब त्याच्या ३६० व्या भागापेक्षा जास्त तो मधोमध वाकता कामा नये, म्हणजे १२ फुटांचा असेल तर ०.४ इंच, आणि संगमरवर किंवा दुसरा कुठला दगड घालायचा असेल तर त्याच्याही निम्मं, ७२० वा भाग. आमचे जोइस्ट या मर्यादेच्या अगदी काठावर होते. दुसरं म्हणजे लाकूड ओल पिऊन फुगतं आणि सुकलं की आकसतं, लांबीत जवळजवळ नाहीच पण रुंदीत चांगलंच. इथे हिवाळ्यात हीटर चालू झाला की घरातली हवा कोरडी ठणठणीत होते आणि लाकूड आकसतं, उन्हाळ्यात दमट हवेने परत फुगतं. टाइल मात्र आहे तेवढीच राहते. खालचं लाकूड सरकतंय, वरची टाइल सरकायला तयार नाही, मग कुठेतरी तुटणारच, आणि जिथे प्लायचा जोड असतो तिथे आधी तुटतं.

दुसऱ्यांदा काम केलं ते आम्ही दोघांनी, दीड महिना लागला आणि त्यातला टाइल लावायचा वेळ फक्त दोन शनिवार-रविवार. बाकी सगळं खालचंच. आधी जुन्या व्हिनाइलचा तुकडा लॅबला पाठवला, कारण त्या काळातल्या व्हिनाइलमध्ये आणि त्याच्या काळ्या गोंदात अ‍ॅस्बेस्टॉस असू शकतं, आमच्यात नव्हतं. मग सगळं उचकटून खालच्या मूळ प्लायपर्यंत आलो. तळघरातून प्रत्येक जोइस्टला तेवढाच लांब दुसरा जोइस्ट गोंद आणि बोल्टने जोडला, इथे याला सिस्टर लावणं म्हणतात, मला तो शब्द फार आवडला. मूळ प्लाय जोइस्टला स्क्रूने आवळला तशी चालताना येणारी किरकिर थांबली. त्यावर अर्ध्या इंचाचा नवा प्लाय, त्याचे जोड खालच्या जोडांवर न येतील असे, दोन शीट्समध्ये ३ मिलिमीटरची फट, आणि वरच्या प्लायचे स्क्रू फक्त खालच्या प्लायमध्येच जातील एवढ्याच लांबीचे, जोइस्टमध्ये नाही, म्हणजे जोइस्टची हालचाल सरळ वर पोचत नाही.

आणि मग मेंब्रेन. श्लूटर म्हणून जर्मन कंपनी आहे तिची डिट्रा नावाची नारिंगी प्लास्टिकची चादर मिळते, जेमतेम ३ मिलिमीटर जाड, वरून चौकोनी खळगे आणि खालून फेल्टसारखं कापड. कापड लाकडाला चिकटतं, वरच्या खळग्यांत टाइलचा मसाला भरून अडकतो, आणि मध्ये जी प्लास्टिकची जागा आहे ती खालच्या लाकडाला थोडं सरकू देते पण ते सरकणं टाइलपर्यंत जाऊ देत नाही. हे वाचलं तेव्हा मला इतकं बरं वाटलं! लाकडाला हलू द्यायचं हे मान्य करूनच कोणीतरी ही वस्तू बनवलीये. एक बारीक गोष्ट, चादरीच्या खाली पॉलिमर घातलेला मसाला लागतो कारण साधा मसाला लाकडाला धरत नाही, आणि चादरीच्या वर आम्हाला साधाच वापरायला सांगितलं होतं कारण प्लास्टिक आणि टाइलच्या मध्ये बंद झालेला पॉलिमरवाला मसाला सुकायला फार दिवस घेतो. मेंब्रेन नको असेल तर सिमेंट बोर्ड, म्हणजे सिमेंटचा पातळ तक्ता, पण चालतो, त्याच्याखालीसुद्धा मसाला घालायचा, चिकटवायला म्हणून नाही तर खालच्या पोकळ्या भरायला, पकडून ठेवायचं काम स्क्रू करतात.

टाइल लावताना दातेरी करणी सगळीकडे एकाच दिशेने ओढायची, गोल गोल नाही, म्हणजे दाबल्यावर मधली हवा बाजूने निघून जाते. दर पाच-सहा टाइल्सनंतर एक उचलून मागे बघायचं, कोरड्या जागेत कमीत कमी ८० टक्के आणि ओल्या जागेत ९५ टक्के मसाला लागलेला हवा. भिंतीच्या कडेने पाव इंच जागा मोकळी सोडायची, ती स्कर्टिंगखाली झाकली जाते, तिथे ग्राउट भरायचं नाही. सगळ्यात वाईट चूक आम्ही डिशवॉशरची करणार होतो, जमीन वर चढली की ओट्याखालचा डिशवॉशर परत कधी बाहेरच येत नाही, शेजारच्या आजोबांनी वेळेवर सांगितलं म्हणून आधी बाहेर काढला आणि त्याच्या खालीसुद्धा तेवढीच उंची घेतली. सात हिवाळे झाले त्याला. मी अजून दर जानेवारीत बोटाच्या पेरांनी एकेक टाइल वाजवून बघते, पोकळ आवाज कुठेही नाही.

आता तुझं. तुझा गवंडी म्हणतोय की फळ्यांवर प्लास्टिक टाकून २ इंच वाळू-सिमेंटचा मसाला आणि त्यावर टाइल, आणि वजनाचं विचारलं तर म्हणतो पूर्वी माती होतीच की तेवढी. मी हिशोब केला. २ इंच मसाला म्हणजे चौरस फुटाला साधारण १० किलो, टाइलचे अजून २, तुमची माडी १२ बाय १५ म्हणजे १८० चौरस फूट, म्हणजे २ टनांच्या वर. मातीचंही जवळपास तेवढंच असेल, त्यामुळे त्याचं म्हणणं अर्धं खरं आहे. पण माती वाकायची रे. भेग पडली की काकू पुढच्या सारवणात बुजवून टाकायच्या, मी स्वतः त्यांच्याबरोबर शेणाचा गोळा घेऊन बसलेय. सिमेंटची भेग कोण सारवणार? आणि वाईचा पाऊस तुला मी काय सांगू, जुलैत दारं फुगून लागत नाहीत आणि मार्चमध्ये त्याच दारांतून पलीकडचं दिसतं. त्या फळ्या वर्षभर तेच करतायत. त्यात ओल्या मसाल्याचं पाणी, प्लास्टिक कुठे ना कुठे फाटणारच, फटींतून सिमेंटचं पाणी खाली कडीपाटावर उतरलं तर सागावरचे ते डाग निघत नाहीत.

म्हणून माझं स्पष्ट मत सांगते, माडीवरच्या हॉलमध्ये टाइल घालूच नकोस. होमस्टे करायचाय ना, पाचगणी-महाबळेश्वरला जाणारी माणसं तुझ्या वाड्यात थांबतील ती लाकडासाठी थांबतील, टाइल्स त्यांच्या घरी आहेत. मेणवलीला शाळेची सहल गेली होती तेव्हा नाना फडणवीसांच्या वाड्यात आपण किती वेळ नुसतं वर बघत फिरलो होतो. फळ्या सुताराकडून आवळून घे, हलका रंधा, तेल, बस. काकूंना पुसायला त्रास होईल म्हणतोस तर पॉलिश कर, पण ती जमीन तशीच ठेव.

आणि घालायचीच असेल, घरच्यांनी हट्टच धरला तर मग निदान अशी घाल. फळ्या कड्यांना स्क्रूने पक्क्या कर, त्यावर १८ मिलिमीटरचा वॉटरप्रूफ प्लाय, त्याचे जोड फळ्यांच्या जोडांवर न येतील असा, त्यावर मेंब्रेन नाहीतर सिमेंट बोर्ड, आणि पोत्यावर एस-१ किंवा एस-२ लिहिलेलं टाइल अ‍ॅडेसिव्ह, ते थोडं वाकणारं असतं. एवढं करून सगळं मिळून चौरस फुटाला ४ किलोच्या आसपास बसतं, म्हणजे सव्वासातशे किलो, २ टनांच्या जागी. टाइल मोठी घेऊ नकोस, जितकी मोठी तितकी सपाट जमीन लागते आणि शंभर वर्षांच्या फळ्या सपाट कुठून असणार.

बाथरूम काढायचा विचार असेल तर तो मात्र माडीवर नको म्हणजे नको, यावर मी भांडणार आहे. लाकडाच्या वर रोज अंघोळीचं पाणी, एक सांधा सुटला तरी तुला कळणार नाही, खाली ओल दिसेपर्यंत तुळईचं टोक कुजलेलं असेल. मागच्या पडवीच्या बाजूला, जिथे दगडी जोतं आहे आणि खाली नुसती जमीन आहे, तिथे काढ दोन बाथरूम, तिथे कोबा कर, हवी ती टाइल घाल, तुझा गवंडी तिथे उत्तम काम करेल आणि वाळूही वाया जाणार नाही.

सोमवारच्या आधी दोन गोष्टी कर. काकूंची मोठी पितळी परात काठोकाठ पाण्याने भरून माडीच्या मधोमध ठेव आणि पोराला बाजूने नेहमीसारखं चालायला लाव, मग पाणी किती हलतं ते बघ, म्हणजे जमीन किती हलते ते कळेल. त्याचा व्हिडिओ काढ. दुसरं, तुळयांची टोकं जिथे भिंतीत जातात तिथे स्क्रूड्रायव्हर टोचून बघ, विशेषतः नदीकडच्या भिंतीला, मागे तिथे वाळवी लागलेली मला आठवतेय. आत सहज गेला तर टाइल्सचं सोड, आधी सुताराला बोलव. सहाही तुळयांचे फोटो पाठव, मी रविवारी तुझ्या रात्री आठला फोन करते, गवंड्यालाही थांबवून ठेव, मी त्याच्याशी नीट बोलेन.

काकूंना नमस्कार सांग. परात मागितलीस की विचारतीलच कशाला, तर म्हणावं मी मागितलीये.

तुझी,
नली

ता. क. मातीच्या थराखालून ज्या फळ्या निघाल्या त्यातल्या एकावर आजोबांनी कोरलेलं साल दिसतंय म्हणालास ना, त्या फळीत एकही स्क्रू मारू देऊ नकोस.