अर्धी बाटली पाणी

आदरणीय काका,

तुमचं नाव विचारायचं राहूनच गेलं. पुण्याला पोचल्यापासून ते मनाला लागून राहिलंय. इस्तंबूलमध्ये शिकणाऱ्या एका मराठी मुलाने हे पत्र तुर्कीत उतरवून तिथल्या उस्कुदार भागातल्या चहाच्या टपऱ्यांवर दाखवायचं कबूल केलंय. तुमच्या हातात पडेल न पडेल, पण लिहिल्याशिवाय मला चैन पडणार नाही.

काराजाअहमेतच्या कबरस्तानात, सरूच्या झाडांखाली, हातात कागद घेऊन रडकुंडीला आलेली ती बाई मीच. कागदावर एकच नाव होतं: डॉ. अली बे हुसेनजादे. तुर्कस्तानात आडनावांचा कायदा आल्यावर त्यांनी 'तुरान' लावलं, हेही मला तुमच्यामुळेच आठवलं. नाहीतर हुसेनजादे, हुसेनजादे म्हणत मी थडग्यांवरचे दगड वाचत सुटले होते!

माझे बाबा लष्करात डॉक्टर होते, त्वचारोगतज्ज्ञ. निवृत्तीनंतर त्यांनी एक वही केली होती. अंगावर लष्करी गणवेश असूनही जे राज्यकर्त्यांपुढे गप्प बसले नाहीत, अशा डॉक्टरांची. त्यात सगळ्यात जास्त पानं हुसेनजादेंची. १८६४ साली आजच्या अझरबैजानातल्या सल्यानमध्ये जन्म, सेंट पीटर्सबर्गला गणित आणि भौतिकशास्त्र, मग इस्तंबूलची लष्करी वैद्यकीय शाळा. १८९७ च्या ग्रीस-तुर्की युद्धात जखमींची शुश्रूषा, पुढे त्वचारोगांचं अध्यापन. आणि हे सगळं करताना सुलतान अब्दुल हमीदविरुद्ध उभ्या राहिलेल्या तरुणांत ऊठबस. १९०३ मध्ये बाकूला परतले, 'हयात' आणि 'फुयूझात' ही नियतकालिकं चालवली. १९१० मध्ये पुन्हा इस्तंबूल. तुर्की ओळख, इस्लाम आणि आधुनिकता ही त्यांची त्रिसूत्री १९१८ च्या स्वतंत्र अझरबैजानच्या निळ्या-लाल-हिरव्या झेंड्यात उतरली. दोन वर्षांत लाल सैन्य आलं आणि तो झेंडाही उतरला. १९२६ मध्ये ते बाकूला गेले ते एका परिषदेचे पाहुणे म्हणून. 'आपल्याच गावात पाहुणा' या ओळीखाली बाबांनी दोनदा रेघ ओढली आहे.

हुसेनजादेंनी काढलेल्या, बाकूच्या बीबी-हैबत मशिदीच्या चित्राबद्दल तुम्हीच सांगितलंत. १९३६ मध्ये सोव्हिएत राजवटीने ती मशीद पाडली, चित्र राहिलं. सांगताना तुमचा आवाज जड झाला. तीस वर्षांत आपणही परत गेलो नाही, एवढंच बोललात आणि मग नुसतं 'वतन' म्हणालात. काका, हा शब्द आमच्याकडेही आहे. मराठीत वतन म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला गावातला हक्क. त्यापायी आमच्याकडे भावाभावांत तलवारी निघाल्यात. त्यामुळे तुमचा तो शब्द मला मोबाइलमध्ये शोधावा लागला नाही.

आमच्या यात्रा कंपनीच्या माणसाने "ते आपल्या कार्यक्रमात बसत नाही, मॅडम" म्हणून हात झटकले होते. त्याचं सोडा. पण माझी माणसं? बाबा गेले तेव्हा नदीवर सगळे पाणी सोडत होते. मी पुढे झाले तर माझा दंड धरून मला मागे ओढलं. मुलींनी नसतं करायचं म्हणे! शेवटचे आठ महिने त्यांचं अंग मी पुसलं, औषधं मी दिली, ती वही मी वाचून दाखवली. आणि ओंजळभर पाण्याला मी चालले नाही. घाटाच्या पायरीवर बसून मी सगळं बघत राहिले. ते अजून गिळलं जात नाही.

तुमचे गुडघे दुखत होते, तरी तासभर माझ्याबरोबर हिंडलात. थडगं सापडल्यावर खिशातला रुमाल काढून अक्षरांवरची धूळ पुसलीत. जवळच्या बाटलीतलं पाणी दगडाच्या पायथ्याशी हळूहळू ओतलंत. आणि अर्ध्यावर थांबलात. बाटली माझ्यापुढे धरलीत, तुमच्या मोडक्या इंग्रजीत म्हणालात, "हे तुझ्या हकीम बाबांसाठी."

मी कोणत्या धर्माची, कोणत्या देशाची, मुलगी की मुलगा, काही विचारलं नाहीत. बाप गेलेलं लेकरू समोर आहे, एवढं तुम्हाला पुरलं. जगात अशी माणसं आहेत म्हणून परक्या गावात माणूस पाऊल टाकू शकतो. आमच्या आजीच्या भाषेत, देवाने निवांत बसून घडवलेली माणसं.

मी बाटलीतलं पाणी ओंजळीत घेतलं आणि बाबांचं नाव मोठ्याने घेऊन सोडलं. तुम्ही तोवर पाठ फिरवून उभे होतात, मला मोकळेपणी रडता यावं म्हणून. तेही मी पाहिलं, काका.

ती रिकामी बाटली मी टाकली नाही. बाबांच्या वहीशेजारी कपाटात आहे. वहीत हुसेनजादेंच्या पानांनंतर एक कोरं पान होतं, त्यावर तुमच्याबद्दल लिहिलंय. नावाची जागा मोकळी ठेवली आहे. तेवढं कळवा.

तुमची,
डॉक्टरांची मुलगी
पुणे